छतावरची निळी फरशी

रंगारी गल्लीतील शेवटून दुसऱ्या घरची थोरली लेक, पुढे त्याच गल्लीच्या तोंडाशी दुकान असलेल्या शिंप्याची पत्नी, आणि आयुष्यभर सर्वांच्या तोंडी 'उकळीबाई'. जन्म महापुराच्या वर्षी, मृत्यू नवा पूल रहदारीस खुला झाला त्या वर्षी, सत्तरी ओलांडल्यावर. हे टोपणनाव त्यांना रंगाच्या कढईवरून पडले असे काही जण सांगतात. ते खरे नाही. ते स्वभावावरून पडले. कढईने फक्त त्याला दुजोरा दिला.

ज्या गोष्टीमुळे त्या शहराची कीर्ती दूरवर गेली होती, नेमक्या त्याच गोष्टीचा बाईंना मनस्वी तिटकारा होता. तेथे रात्र पुरती पडली, की उघड्या आभाळाखाली असलेल्या प्रत्येक कापडातला रंग हळूहळू सुटू लागे, वाफेसारखा वर चढे आणि छपरांच्या वर जाऊन पसरे. तांबड्याचे लोट, पिवळ्याचे पट्टे, हिरव्याच्या लांबच लांब शेवया असे सारे आभाळभर तरंगत राही, आणि खाली दोरीवरची कापडे धुतल्या तांदळासारखी पांढरी पडलेली असत. उजाडता उजाडता तोच रंग उतरे आणि जेथून उठला होता तेथेच येऊन बसे. छपराखालच्या कापडाला यातले काहीच होत नसे. दूरदूरचे पाहुणे हे पाहायला येत आणि याला 'आभाळफुलोरा' म्हणत. रंगारी गल्लीत याचे नाव 'उचल' असे होते, आणि ते उच्चारताना कोणी हसत नसे.

उचलीवाचून रंगाऱ्याचे चालत नसे, हेही खरे. नव्याने रंगवलेल्या कापडाला एक रात्र आभाळ दाखवावेच लागे. वर जाऊन परत आलेला रंग धाग्यात असा मुरे, की मग कितीही धुतले तरी निघत नसे. पण तेच कापड पुन्हा बाहेर राहिले, तर थोडा रंग वरच राही, तिसऱ्यांदा आणखी थोडा. 'पहिली रात्र रंगाची, दुसरी चोराची' ही म्हण गल्लीतले मूल बोलायला लागले की शिके. तिच्या जोडीला एक नियम होता: रात्री पसरलेले कापड उजाडेपर्यंत हलवायचे नाही. कारण रंग कापडाला ओळखत नाही, जागेला ओळखतो. कापड उचलले असेल, तर रंग त्या जागी खाली जे असेल त्यावर उतरतो, आणि दगडात किंवा मातीत एकदा शिरलेला रंग पुन्हा कधी उठत नाही. गल्लीच्या फरसबंदीवर असे जुने चौकोन जागोजागी होते, आणि कोणता चौकोन कोणाच्या पणजोबांचा हे सर्वांना पाठ होते. रात्री कापड हलवणाऱ्याचा 'हात बंद' होई. म्हणजे त्या शहरात त्याने पुन्हा उघड्यावर कापड पसरायचे नाही. शिक्षा एवढीच, पण पोट उचलीवर असणाऱ्याला ती पुरे होती.

एकदा एका पाहुणीने बाईंना म्हटले, की तुम्ही किती भाग्यवान, हे सौंदर्य तुम्हांला रोज घरबसल्या पाहायला मिळते. बाई कढई ढवळत होत्या. ढवळणे न थांबवता त्यांनी विचारले, "तुमच्या घरातली भांडी रोज रात्री कोणी उचलून नेली आणि सकाळी एखादं कमी करून परत आणून ठेवली, तर तुम्हीही टाळ्या वाजवाल का?" पाहुणी पुन्हा त्या गल्लीत फिरकली नाही.

बाईंच्या आईने एक निळी छटा साधली होती. तशी निळी त्या शहरात पूर्वी कोणाला जमली नव्हती, नंतरही जमली नाही. गडद म्हणावी तर आतून उजेड असल्यासारखी, आणि उजळ म्हणावी तर डोळा बुडून जाईल अशी. थोरल्या लेकीला तिने सगळे शिकवले, शेवटचे बुडवण मात्र राहिले. ते उद्या दाखवते असे म्हणून ती झोपली आणि त्या झोपेतून उठलीच नाही. मागे राहिले ते त्या निळीचे एकच कापड, दाराएवढे रुंद, एका कोपऱ्याला आईच्याच कात्रीची खाच असलेले. त्याला एक रात्र आभाळ दाखवून झाले होते. ते घडी घालून पेटीत ठेवायचे आणि पेटी आतल्या खोलीत, एवढीच त्याची राखण.

उकळीबाई रोज सकाळी ते कापड खिडकीपाशी नेत आणि स्वतः रंगवलेली चिंधी त्याच्या शेजारी धरत. वर्षे गेली, चिंध्यांचे गाठोडे झाले, आणि दोन निळ्यांमधले अंतर केसाएवढे उरले. पण तो केस काही तुटेना. शिंपी थट्टेने म्हणे, की माझ्याकडे इतके टक लावून तू कधी पाहिले नाहीस. बाई उत्तर देत, "तुम्ही विटत चाललात ते न पाहताही कळतं."

आई गेली तेव्हा धाकटा भाऊ लहान होता. बाईंनीच त्याला वाढवला. त्याचा जीव रंगात रमला नाही. जीभ मात्र गोड होती, माणसे जोडण्याची हातोटी होती, आणि तिच्या बळावर त्याने समोरच्याच घरावर मोठी गच्ची बांधून पाहुण्यांची सोय केली. तेथे पांढऱ्या गाद्या होत्या, लोड होते, पाहुण्यांना घालायला बिनरंगी अंगरखे होते, गरम पेये होती. गल्लीतले रंगारी आपली नवी कापडे पहिल्या रात्रीसाठी त्याच्या गच्चीवर पसरत; पाहुण्यांना रंग अगदी पावलांपाशी उठताना दिसे आणि रंगाऱ्यांना मोकळी जागा मिळे. यात कोणाचे काही बिघडत नव्हते. बाईंनाही त्याचे कौतुक होते, फक्त ते त्या त्याला ऐकू जाईल असे बोलत नसत.

मग एकदा नदीला गाळ आला, गल्लीतल्या कढया थंड पडल्या, आणि नेमक्या त्याच दिवशी धाकट्याच्या गच्चीवर राजधानीतून बडी मंडळी यायची होती. पसरायला नवे कापड एकही नव्हते. बाई पाण्याच्या शोधात वरच्या बंधाऱ्याकडे गेल्या होत्या, शिंपी दुकानात होता. धाकटा घरात आला, त्याने पेटी उघडली आणि आईची निळी बगलेत मारून नेली. घरच्या पेटीला कुलूप कशाला असेल?

दुसऱ्या दिवशी सकाळी बाईंनी नेहमीप्रमाणे पेटी उघडली. कापड होते. पांढरे होते. आई कापडाला नेहमी चार घड्या घालत असे आणि बाईही चारच घालत. याला तीन होत्या. त्या कापड हातावर टाकून रस्ता ओलांडून समोरच्या जिन्याने वर गेल्या. मंडळी न्याहारी करत होती. गच्चीच्या मधोमध एका मोठ्या फरशीवर दाराएवढा निळा चौकोन उमटला होता, आणि त्याचा एक कोपरा खाचेपुरता कोरा होता. पाहुणे त्याच्याभोवती उभे राहून वाहवा करत होते.

धाकट्याने कापड नेल्याचे नाकारले नाही. घरचेच होते, एका रात्रीचा प्रश्न होता, तुला सांगणारच होतो, असे तो म्हणाला. पण पहाटे वारा सुटला आणि कापड उडून कठड्यापाशी जाऊन पडले. मला दिसले तेव्हा उजाडून गेले होते. मी काय करणार?

बाईंनी हातावरचे कापड त्याच्यापुढे धरले.

"वारा तीन घड्या घालून पेटीत ठेवतो का?"

"ताई, पाहुण्यांसमोर नको."

"पाहुण्यांसमोर नेलंस, पाहुण्यांसमोरच सांग."

राजधानीच्या एका गृहस्थांनी मध्ये पडून सांगितले, की झाले ते एका परीने चांगलेच झाले, आता हा रंग कायमचा टिकेल. बाईंनी त्यांच्याकडे अशा नजरेने पाहिले, की त्यांनी हातातला पेला खाली ठेवला.

गल्लीचे पंच दुसऱ्या दिवशी विणकरांच्या शेडमध्ये बसले. सर्व गल्ली जमली होती; त्या पहाटे झाडाचे पानही हलले नव्हते, तेव्हा खरे काय ते सर्वांना ठाऊक होते. याच गोष्टीने बाईंचे डोके पेटले होते. थोरला पंच म्हणजे आईच्या वेळचा विणकर. त्याने रीतीप्रमाणे विचारले, की कापड हलवताना कोणी पाहिले का. कोणी पाहिले नव्हते. जे पाहुणे होते ते गाडीत बसून निघून गेले होते. आणि धाकट्याचा हात बंद झाला, तर गच्ची बंद होणार. गच्ची बंद झाली, तर पाहुण्यांवर जगणारी अर्धी गल्ली हात चोळत बसणार, हे न बोलता प्रत्येकाच्या चेहऱ्यावर लिहिलेले होते. ज्यांच्या बाळंतपणात बाई रात्रभर जागल्या होत्या त्या बायका पदराआडून जमिनीकडे पाहत होत्या. पंचांनी तोड काढली: फरशी उखडून बाईंना द्यावी, म्हणजे आईची निळी तिच्या लेकीकडे परत गेली असे होईल. धाकट्याने लगेच मान डोलावली.

"फरशी नको," बाई म्हणाल्या. "दगडातला रंग रंग नसतो, डाग असतो. मला याच्या तोंडून दोन शब्द हवेत. 'मी हलवलं.' तेवढं इथे, सगळ्यांसमोर म्हणू दे."

"बाई, बोलून निळी परत येणार आहे का?" थोरल्या पंचाने समजुतीच्या सुरात विचारले.

"निळी गेली ती गेली. हा माझ्या डोळ्यांत डोळे घालून मला वेडी ठरवतोय, त्याचं काय करायचं ते सांगा."

धाकट्याने पायाच्या अंगठ्याने जमीन उकरली आणि म्हणाला, "वारा होता."

बाई उठून घरी गेल्या. त्यांनी निळीची कढई पालथी घातली आणि पुन्हा कधी सुलटी केली नाही. तांबडे, पिवळे, काळे सगळे रंगवले. निळ्याचे गिऱ्हाईक आले तर त्याला चार घरे पुढचा पत्ता सांगत.

त्यांनी भावाशी अबोला धरला असता, तर गल्ली सुटली असती आणि भाऊही. त्यांनी तसे केले नाही. तो जेथे भेटे तेथे, बाजारात, नळावर, कोणाच्या दुःखाच्या बैठकीत, त्या त्याला चारचौघांत एकच प्रश्न विचारत: "काय रे, वारा कसा आहे?" आवाज चढवत नसत, आणि उत्तराची वाट पाहून मगच पुढे जात. उत्तर कधी आले नाही. होता होता गल्लीत ही बोलण्याची रीतच पडली. गिऱ्हाइकाने थाप मारली, की रंगारी एकमेकांना म्हणत, "वारा सुटलाय हो." धाकटा एकदा तापाने फणफणला, तेव्हा बाईंनी नवऱ्याच्या हाती डबा पाठवला आणि निरोप दिला, की आधी बरा हो, मग बोल. त्याने डबा संपवला, घासून परत पाठवला, आणि डब्यातून शब्द काही आला नाही.

संतापाची खरी पराकाष्ठा पुढे झाली. पाहुणे आता दिवसाही येऊ लागले, फरशी पाहायला. धाकट्याचा नोकर त्यांना गोष्ट सांगे, की ही निळी आभाळात गेली आणि तिला ही गच्ची इतकी आवडली, की तिने कापडाकडे परत जायचे नाकारले. ही गोष्ट बाईंच्या कानांवर गेली त्या दुपारी त्या चुन्याची बादली आणि कुंचा घेऊन समोरच्या जिन्याने चढल्या आणि पाहुण्यांच्या देखत सबंध फरशी पांढरी करून खाली उतरल्या. धाकट्याने ती खरवडून घेतली. बाई पुन्हा गेल्या. त्याने पुन्हा खरवडली. शिंप्याने घरात तोडगा सुचवला, की चुना तू लावतेस आणि पाठ त्याची मोडते, तेव्हा असेच चालू दे, म्हातारपणी दोघांनाही व्यायाम होईल. बाईंना हसू आले आणि हसू आल्याचा राग आला. त्या दिवशी शिंप्याला जेवण थंड मिळाले.

शेवटी धाकटाच थकला. त्याने गवंडी बोलावून फरशी उखडली, हातगाडीवर घातली आणि भर दुपारी गल्लीतून ओढत बाईंच्या दारात आणली. गल्ली उंबरठ्यांवर आली. तो घामाघूम झाला होता, केस पिकले होते, आणि त्या क्षणी तो आईसारखा दिसत होता, असे बाईंनी पुढे नवऱ्याला सांगितले, सांगतानाही रागानेच.

"ताई, ही घे. झालं गेलं विसरून जा."

"एवढा मोठा दगड उचललास," बाई म्हणाल्या. "त्या रात्री काय उचललंस ते सांग, की दार उघडते."

त्याने उंबरठ्यांवरच्या माणसांकडे पाहिले. गच्चीवर त्या रात्रीसाठी गाद्या घातलेल्या होत्या. त्याने फरशी भिंतीला टेकवून उभी केली आणि रिकामी हातगाडी खडखडवत परत नेली.

फरशी तेथेच राहिली. बाईंनी ती आत घेतली नाही, कोणाला नेऊही दिली नाही. ऊन, धूळ, शेजाऱ्यांची मांजरे, सगळे तिच्यावरून गेले आणि निळा चौकोन होता तसा राहिला. एकदाच, दुपारी गल्ली निजलेली असताना, शिंप्याने दुकानातून पाहिले, की बाई जुन्या गाठोड्यातली एक चिंधी फरशीवर धरून उभ्या आहेत; एकदा उजेडात, एकदा सावलीत, एकदा डोळे बारीक करून. बराच वेळ गेला. मग त्यांनी चिंधीचा बोळा करून नाल्यात फेकला आणि भिंतीला सांगावे तसे सांगितले, "डागच आहे." आणि आत जाऊन तांबड्याखालचा जाळ इतका मोठा केला, की रंग करपला.

मृत्यूही त्यांना कढईपाशीच आला, हातात ढवळायची काठी असताना. वैद्य येईपर्यंत सगळे आटोपले होते. आदल्या दिवशी त्यांनी भावाला नळावर गाठून वाऱ्याची चौकशी केली होती, हे येथे नोंदवलेले बरे.

धाकटा दुसऱ्या दिवशी आला. एव्हाना त्याने गच्ची जावयाच्या हवाली केली होती. गुडघ्यांमुळे त्याला जिना चढवत नव्हता आणि कापड पसरणे सुटून बराच काळ लोटला होता. तो फरशीपाशी थबकला, तिच्यावर हात टेकला आणि दारात उभ्या असलेल्या शिंप्याने काही न विचारताच बोलू लागला. राजधानीच्या त्या मंडळींत एक पाहुण्या बाई होत्या. मध्यरात्रीनंतर त्यांना थंडी वाजू लागली. त्यांनी काही अंगावर घ्यायला मागितले. गाद्यांवर सगळे झोपलेले होते, खाली जाऊन चादर आणायचा कंटाळा आला, आणि हाताशी तेच पांढरे पडलेले कापड होते. "तेच त्यांच्या अंगावर घातलं. वाटलं, उजाडायच्या आत परत पसरू. डोळा लागला. जाग आली तेव्हा उजाडलं होतं. मी हलवलं, मेहुणे. वारा नव्हता."

शिंपी हा सगळ्या गल्लीत मऊ माणूस म्हणून प्रसिद्ध होता. चाळीस वर्षांच्या संसारात त्याचा चढलेला आवाज कोणी ऐकला नव्हता. तो उंबरठ्याच्या खाली उतरला.

"मला कशाला सांगतोस?"

"ताईला सांगायचं राहून गेलं म्हणून."

"राहून गेलं नाही. तू राहू दिलंस. परवा सकाळी नळावर तिने विचारलं होतं, तेव्हा तुला तोंड होतं. आज हात बंद झाला तरी तुझं काही अडत नाही, म्हणून आज आलास. फुकटात. एका बाईला थंडी वाजली म्हणून. चादर आणायचा कंटाळा आला म्हणून. आणि माझ्या बायकोला गल्लीने आयुष्यभर उकळी म्हटलं."

धाकट्याने आत येऊ का म्हणून विचारले. शिंप्याने दार लावून घेतले. धाकटा सावली सरकेपर्यंत फरशीला टेकून उभा होता, आणि रस्त्याने जाणाऱ्या कोणीही त्याला काही विचारले नाही.

पुढील व्यवस्था अशी झाली. कढया आणि दोऱ्या चार घरे पलीकडच्या रंगारीण विधवेला देण्यात आल्या. पालथी कढई तिने नेली नाही, ती परसात तशीच आहे. आईचे पांढरे कापड शिंप्याने कात्री न लावता बाईंबरोबर दिले, चार घड्या घालून. धाकट्याने पंचांपुढे उभे राहून तेच सांगण्याची तयारी दाखवली. नव्या पंचांनी प्रकरण जुने असल्याचे सांगून त्याला बसायला खुर्ची दिली आणि चहा पाजला. हात बंद झाला नाही. फरशी भिंतीला आहे. शिंपी हयात असेपर्यंत ती आत जाणार नाही आणि बाहेरही जाणार नाही, असे त्याने धाकट्याच्या जावयाला बजावले आहे. जावई गच्चीसाठी ती परत मागायला आला होता. ते दोन शब्द बोलले गेले खरे, पण ज्यांना द्यायचे होते त्यांना पोचले नाहीत. तेव्हा ते शिंप्याच्या लेखी अजून येणेच आहे, आणि धाकटा समोरून दिसला, की तो मऊ माणूस सुई थांबवून दुकानातूनच विचारतो, वारा कसा आहे.